मिक्सरची ड्यूटी

अंजनाबाईंना जाऊन वर्ष झालं. त्या दुपारी बुद्धवंदना आटोपली, आणि दीक्षाने पडदे ओढून भिंतीवर आपली छोटी ॲनिमेशन फिल्म लावली. लेकीने आईच्या झबल्यांवर काहीतरी प्रयोग केलाय, एवढंच शामरावांच्या कानावर होतं.

सिलतऱ्याच्या कारखान्यांची काजळी घरात येते म्हणून अंजनाबाई प्रत्येक वस्तूला झाकायला कापडी झबलं शिवायच्या. फ्रिजला, टेबलफॅनला, रिमोटला. एवढंच काय, शिलाई मशीनच्या झबल्यालाही वरून आणखी एक झबलं. नातेवाईक तोंड लपवून हसायचे. आज बायकोच्याच पुण्यस्मरणाला, तिच्या फोटोसमोर ही मंडळी पुन्हा हसणार, हे शामरावांना सहन होणार नव्हतं.

"दीक्षा, बंद कर ते. आपल्या मायचा तमाशा काहून मांडून राहिली?"

"बाबा, फक्त पाच मिनिट. मग बंद."

भिंतीवर मिक्सर अवतरला. त्याच्या अंगात खाकी झबलं होतं, शामरावांच्याच प्लांटमधल्या जुन्या शर्टाचं, खिशासकट. मिक्सर टुणटुण उड्या मारत ड्यूटीवर निघून गेला. मग फ्रिज, टेबलफॅन, रिमोट, सगळे आपापली झबली सावरत दाराशी आले आणि उभेच राहिले. घड्याळाचे काटे फिरले. चहाचं पातेलं दोनदा तापलं, दोनदा निवलं. शेवटी काळाकुट्ट होऊन मिक्सर परतला, घर्रर्र करून सगळ्यांवर खेकसला आणि कोपऱ्यात जाऊन बसला.

खोलीत हशा पिकला.

"अवं, हा तं शामरावभाऊजीच!" मेहुणी सत्यभामा ओरडली.

फिल्म बंद करायला उठलेले शामराव जागच्या जागी थांबले. मंडळी अंजनाला हसतच नव्हती. शामरावांनाच हसत होती, आणि त्यात तिचं काही चुकतही नव्हतं. तीस वर्षं ते दमून घरी आले, खेकसले, जेवले, झोपले. ते नेहमी बाहेरून येणारे. दाराशी ताटकळणारं घर त्यांनी कधी पाहिलंच नव्हतं. त्यांना एकदम हसू फुटलं, वर्षभरात पहिल्यांदा, आणि हसता हसता डोळे वाहू लागले. पुसायचंही भान राहिलं नाही.

भिंत पांढरी झाली.

"संपली, बाबा. करू बंद?"

"नको. परत लाव, पोट्टे," शामराव खाली बसत म्हणाले. "अन् ते सारे दाराशी उभे हायेत ना, तिथं थांबव. मले पाहू दे."