खुशालरावांच्या विहिरीचे पाणी

१९३० सालच्या उन्हाळ्यात माझा मूकपट पुरा होत आला होता. कथा माझी, दिग्दर्शनही माझेच. मी अमरावतीला शाळामास्तर. दोन वर्षांच्या सगळ्या सुट्ट्या त्यात गेल्या. पाठीशी कंपनी नव्हती. चंद्रभान फोटोग्राफरचा कॅमेरा होता आणि अकोल्याजवळच्या खेड्यातले माझे स्नेही खुशालराव होते. चित्रातली आई त्यांच्या पत्नी लीलाबाईंनी केली. घरची बाई कॅमेऱ्यापुढे उभी राहिली म्हणून भावकीने त्यांच्याकडचे जेवण सोडले.

आता फिल्म धुवायची होती. त्याला पाणी फार लागते, आणि चंद्रभानच्या विहिरीने तळ गाठला होता. खुशालरावांनी निरोप धाडला, नवी विहीर खणली आहे, इकडेच या.

"तुम्ही आधी जा, मास्तर," चंद्रभान म्हणाला. "तो सारा खारपाणपट्टा आहे. पाणी चाखा. खारट असेल तर फिल्म वाया जाईल."

विहिरीवर खुशालरावांनी स्वतः पाणी शेंदून तांब्या माझ्या हाती दिला.

"सात पिढ्या खारं पानी पेऊन गेल्या आमच्या. माह्या नशिबी गोड लागलं. पाहा बरं."

पाणी खारट होते. पण ते माझ्या तोंडाकडे बघत होते. मागे गडीमाणसे उभी होती. एवढी माणसे गोड म्हणतात, तर माझ्या जिभेतच खोट असेल, असे मला वाटले. स्वतःच्या पारखीवर मी कधीच भरवसा ठेवला नाही.

"गोड आहे," मी म्हणालो.

दुसऱ्या दिवशी चंद्रभान फिल्म घेऊन आला तो थेट खुशालरावांच्या घरातल्या अंधाऱ्या खोलीत शिरला. दुपारपर्यंत सगळी फिल्म धुऊन दोरीवर टांगली. मग आम्ही जेवायला बसलो. त्याने पाण्याचा पहिला घोट घेतला, पेला खाली ठेवला आणि माझ्याकडे पाहिले.

फिल्म वाळली तशी तिच्यावर पांढरी बुरशी आल्यासारखे डाग उठले. लीलाबाईंचा चेहरा तर एकाही तुकड्यात धड राहिला नाही. पुन्हा चित्रण करण्याची जुळवाजुळव होण्याआधी बोलपट आले. चंद्रभान लग्नाचे फोटो काढू लागला. मी शाळेत राहिलो.

खुशालरावांकडे जाणे मात्र टाळता येईना. लीलाबाई दर वेळी विचारत, "मास्तर, मी कशी दिसतो पडद्यावर? आमाले कधी दाखोता?"

"मुंबईला पाठवली आहे फिल्म," मी सांगत असे. "चांगल्या दिसता."

"पाहा," त्या नवऱ्याला म्हणत, "मास्तर खोटं बोलत नाहीत. एकदा चित्र पाहिलं का भावकी येईल आपल्या घरी जेवायले."

खुशालराव हसत आणि आतून तांब्या आणून माझ्यापुढे ठेवत. मी ते पाणी सगळे पीत असे.

लीलाबाई गेल्या तेव्हा तेराव्याला मी गेलो होतो. भावकीतले कुणी आले नव्हते.