कोंडवाड्यातला पोळा

"कुंपन मोडून बैल पळाला म्हन, तात्याबा. दंडावर भागंल."

पाटोद्याच्या कचेरीच्या पायरीवर सुग्रीव शिपाई कानाशी लागला होता.

"कुंपन धड हाय बे. कोनीबी जाऊन बघंल."

"मंग मोडू की आता. त्याला किती येळ लागतोय?"

तात्याबाला हसू आलं. पिकात शिरलेली जनावरं लोक सरकारी कोंडवाड्यात आणून घालत, मालक दंड भरून सोडवून नेत. सुग्रीवला मिशा फुटल्या नव्हत्या तेव्हापासून तात्याबा तो कोंडवाडा राखत होता. पण पोळ्याला बैल कोंडून ठेवायचा म्हणजे पापच की हो. त्या दिवशी मालक यायचा, बैलाच्या कपाळावर हात ठेवून दिवस मावळायच्या आत परत आणायची शपथ घ्यायचा. घरी नेऊन धुवायचा, पुरणपोळी चारायचा, अन् गुमान आणून बांधायचा. कैक तहसीलदार आले-गेले, कुणी हूं की चूं केलं नाही. कागदावर मात्र ही रीत कुठंच नव्हती.

यंदा बंकट नावाच्या शेतकऱ्यानं शपथ घेतली, बैल सोडवला आणि निजामाची हद्द ओलांडून नगरच्या बाजूला इंग्रजी मुलखात पसार झाला. घ्या, झाला पोळा साजरा.

तहसीलदारापुढं बयानं लिहिणाऱ्या पेशकार विठ्ठलरावांना आयतं कोलीत मिळालं. त्यांच्या मेव्हण्याची म्हैस तात्याबानं दंड भरल्याशिवाय सोडली नव्हती, ते त्यांच्या पोटात होतंच. तात्याबानं लाच खाऊन बैल सोडला, असं त्यांनी वर कळवून टाकलं. नोकरी जाईल याची तात्याबाला भीती होती, नाही असं नाही. पण जळत होता तो त्या लाचेच्या आळापायी.

तात्याबाच्या नावाचा पुकारा झाला. तहसीलदार साहेब हैदराबादेहून नवेच आलेले. शेजारी विठ्ठलराव टाक बुडवून तयार. तात्याबानं तोंड उघडायच्या आधीच त्यांची उर्दू भराभरा उमटू लागली.

"सरकार, एक अर्ज हाय," तात्याबा हात जोडून म्हणाला. "ज्यांनी माज्यावर आळ घेतला, त्यांनीच माजं बयान लिवायचं का? मी बोलतो ते तसंच उतरतंय, हे मला कसं कळावं?"

सुग्रीव जमिनीकडे बघू लागला.

"अडाणी आहे, हुजूर," विठ्ठलराव म्हणाले.

साहेबांनी दाढी कुरवाळली. "बात ठीक है. कलम रख दो, पेशकार. उधर जाके उसके बाजू में खडे रहो."

विठ्ठलरावांचं तोंड एरंडेल प्यायल्यासारखं झालं. पण उठावं लागलं. लिहायला उत्तरेश्वर कारकुनाला बसवलं.

"रिश्वत लेते देखा?" साहेबांनी विठ्ठलरावांना विचारलं.

"देखा नहीं, हुजूर. गाव में बोलते."

"गाव तो मेरे बारे में भी बोलता होगा." साहेब तात्याबाकडे वळले. "बैल क्यों छोडा?"

कुंपणाची थाप अगदी जिभेवर आली होती. तात्याबानं ती गिळली.

"पोळा व्हता, सरकार. मीच सोडला. बंकट दगा दील आसं वाटलं न्हाई."

"हुकूम था?"

"न्हाई."

"मालूम था, हुकूम नहीं है?"

"मालूम व्हतं. पन बैल कोंडून मला पोळी गिळवली नसती."

साहेबांनी निकाल सांगितला आणि उत्तरेश्वरला तो मराठीत वाचायला लावला. लाच घेतल्याचं शाबीत नाही. हुकुमाविना जनावर सोडल्याचं कबूल. सबब नोकरीतून बडतर्फ.

"लाचेचं तेवढं पुन्यांदा वाचा," तात्याबा म्हणाला.

उत्तरेश्वरनं पुन्हा वाचलं. तात्याबानं कमरेचा सरकारी पट्टा सोडला आणि मेजावर ठेवला.

घरी त्याची बायको तुळजाबाई दारातच उभी होती.

"काय झालं?"

"नोकरी गेली."

ती चौकटीला टेकून खाली बसली. "अन् ते लाचेचं?"

"खोटं ठरलं. इट्टलरावला माज्या शेजारी उभं करून इचारलं सायबानं."

तिनं डोळ्यांना पदर लावला. मग उठून ताट वाढलं, पण चुलीपाशी नाही. बाहेर ओसरीच्या कडेला, रस्त्याकडे तोंड करून मांडलं.

"हितं बसा. येनाऱ्या-जानाऱ्याला दिसू द्या."

रस्त्यानं शेजारचा आश्रुबा चालला होता. लाचेची बोंब झाल्यापासून तो मान वळवून जायचा.

"या जेवायला," तात्याबानं हाक दिली.

टोपल्यात दोनच भाकरी होत्या. आश्रुबा थबकला. पायातली पायताणं काढली आणि ओसरीत येऊन बसला.