परत करून राहिली

या, जवळ सरका. पंख्याचा वारा तिकडं जास्त लागतो खरा, पण गोष्ट इकडंच ऐकू येईल. मी काही कीर्तनकार नाही. समोर बसून मान डोलावणारी, टाळी चुकवणारी बाई. पण बेबीताईची गोष्ट मीच सांगायला हवी. तिच्यासोबत ऑफिसांचे जिने मीच चढले.

बेबीताईचं तिवसा रोडला बी-बियाण्याचं दुकान. पेरणीच्या तोंडावर कृषी खात्याच्या साहेबांचा हुकूम आला : सोयाबीनच्या एका वाणाची उगवण कमी भरली, ती पोती विकू नका, कंपनीला परत करा. तिनं पोती वेगळी रचली, कंपनीला कळवलं. गाडी येणार होती. तेवढ्यात साहेबांचा फोन.

"त्या पोत्यांचं काय केलं?"

"परत करून राहिली, सायेब."

साहेब "बरं" म्हणाले. ते नवे, साताऱ्याकडून बदलून आलेले. दुसऱ्या दिवशी अचानक दुकानात आले, तर पोती गोदामातच. झालं! कोणाला काही विचारणं नाही, कोणाचं ऐकणं नाही. दुकानाला सील, आणि मागोमाग आदेश : खोटी माहिती देऊन माल दडवला, सबब परवाना रद्द.

आम्ही ऑफिसात गेलो. टेबलावर कुलदीप नावाचा बाबू.

"अपील करा," तो म्हणाला.

"अरे बापू, पण मले कोणी इचारलंच नाई," बेबीताई म्हणाली.

"विचारलं असतं तर काय सांगितलं असतं?"

"थेच त इचार ना!"

माझं डोकं फिरलं. म्हटलं, "बापू, रावणानं सीतामाई पळवली हे साऱ्या जगाले ठाव होतं. तरी रामरायानं आधी अंगद धाडला. बोल बाबा, तुझं काय म्हणणं आहे? बेबीताईनं त कोणाची शेळीही नाई पळवली!"

कुलदीप म्हणाला, "मावशी, अंगदाचं पद आमच्याकडं मंजूर नाही."

अपील ऐकणाऱ्या मॅडमकडं दोन जिल्ह्यांचा कारभार. आम्ही अमरावतीत गेलो की त्या अकोल्यात. अकोल्यात उतरलो की त्या अमरावतीत. इकडं आभाळ भरून आलेलं, गिऱ्हाईक सील पाहून परत फिरतंय, आणि आम्ही एसटीत. विठ्ठला, एवढ्या फेऱ्या तुझ्या देवळाला घातल्या असत्या तर तू तरी भेटला असतास!

शेवटी मॅडम अकोल्यात सापडल्या. साहेबही आले होते.

"नोटीस कधी दिली यांना?" मॅडमनी विचारलं.

"नोटीस कशाला? खोटं सरळ पकडलं. फोनवर म्हणाल्या, परत करून राहिली. म्हणजे परत करून झाली ना? आणि पोती गोदामात!"

मॅडम अकोटच्या, म्हणजे आमच्याच बोलीच्या. त्यांनी चष्मा काढला.

"साहेब, इकडं कोणाच्या घरी गेलात आणि ते म्हणाले 'जेवून राहिलो', तर काय समजता?"

"जेवण झालं. म्हणून तर आत जातो."

"आणि?"

साहेब म्हणाले, "सगळे ताटावर बसलेले असतात."

खोलीत हशा पिकला. शिपाईसुद्धा भिंतीकडं तोंड करून हसला. बेबीताई तेवढी हसली नाही.

"हे दुकानात इचारलं असतं सायेब," ती म्हणाली, "त तिथंच हासलो असतो. चहाबी पाजला असता."

मॅडमनी आदेश रद्द केला. परवाना कायम. पुढं कारवाई करायचीच असेल तर आधी नोटीस, मग यांचं म्हणणं, मग निर्णय. आम्ही हात जोडले. पण सील काढायला साहेबच हवे, आणि साहेब गेले प्रशिक्षणाला! ते परत आले तेव्हा शेतात सोयाबीन वीतभर झालं होतं. बियाणं लोकांनी दुसरीकडून नेलं होतं.

लोक म्हणतात, "बेबीताई, जिंकली ना तू?"

ती म्हणते, "जिंकली. आता इकू काय, माशा?"

तर बाबांनो, उद्या तुमच्याही हाती कोणाचा न्याय येईल. सुनेचा, शेजाऱ्याचा, दारावरच्या भाजीवालीचा. समोरच्याचं न ऐकताच निकाल द्यायला तोंड उघडाल, तेव्हा क्षणभर थांबा आणि आमच्या बेबीताईला आठवा.