खुर्चीची निळी टिक

गिऱ्हाइकाच्या गालावर साबण तसाच ठेवून त्याने बायकोला फोन लावला.

"खुर्चीला निळी टिक मिळाली!"

"आणि तुम्हाला?"

"नाही. ओळख पटत नाही म्हणे."

बायको इतकी हसली की साबणातलं गिऱ्हाईकही हसलं.

सहा महिने कुणीतरी त्याच्या सलूनच्या खुर्चीच्या नावाने अकाउंट चालवत होतं. 'आज माझ्यावर तीन टकलं बसली. तिघांनीही कंगवा मागितला.' असलं काहीबाही रोज. त्याने चिडून 'खुर्चीचा खरा मालक' असं अकाउंट काढलं, तर लोकांनी त्यालाच तोतया ठरवलं. चोर तो चोर, वर शिरजोर!

समोर, रस्त्यापलीकडे, थोरल्या भावाचं सलून होतं. वडिलांच्या माघारी दोघांनी दोन खुर्च्या भांडून वाटून घेतल्या आणि तेव्हापासून तीन वर्षं बोलणं बंद. आरशात मात्र भावाची पाठ दिवसभर दिसायची. ती बघून हाक मारावीशी वाटायची, पण आधी बोलायचं कोणी?

फोन वाजला. खुर्चीने नवं काही लिहिलं होतं.

'टिक मिळाली, आता खरं सांगायला हवं. माझ्या बुडाखाली एक बोल्ट उलटा आहे. बसवला एकाने, मार खाल्ला दुसऱ्याने.'

तो खाली वाकला आणि खुर्चीखाली हात घातला. बोल्ट उलटाच होता. नऊ वर्षांचा असताना त्यानेच तो पिळला होता. वडिलांनी विचारलं तेव्हा तो गप्प बसला आणि दादाने मुकाट्याने पाठ पुढे केली. हे जगात दोघांनाच ठाऊक होतं.

"काही हरवलंय का?" वरून गिऱ्हाइकाने विचारलं.

"सापडलं," तो म्हणाला.

टिक नसलेल्या आपल्या अकाउंटवरून त्याने खुर्चीला उत्तर लिहिलं, 'बोल्ट मीच बसवला होता. दादा, चुकलं माझं.' ते सगळ्या गावाला दिसणार होतं. दिसू दे.

मग त्याने आरशात पाहिलं. समोरच्या सलूनमध्ये दादा फोनवर वाकला होता. मग दादाने खण उघडला, काहीतरी घेतलं आणि अर्ध्या दाढीचं गिऱ्हाईक तसंच सोडून रस्ता ओलांडला.

दादाच्या हातात पाना होता.

"उठा हो जरा," तो साबणातल्या गिऱ्हाइकाला म्हणाला आणि खुर्चीशी मांडी घालून बसला. "ये रे. मी धरतो, तू फिरव. आणि या खेपेला सरळ बसव."