घरात लपवलेला जवान

भरे गावात गेणबांच्या घरी सकाळची कामं चालली होती. साळूबाई ताक घुसळत होत्या, सून गौतमी भाकऱ्या थापत होती. तिच्या हातून परात निसटली आणि फरशीवर दणकन आदळली. तेवढ्यानं तिचा नवरा किशोर डोकं हातांत धरून खाटेखाली शिरला. सरहद्दीवरच्या गोळीबारात शेजारचा जवान त्याच्या अंगावरच कोसळून मेला होता. रजेवर घरी आल्यापासून जरा मोठा आवाज झाला की त्याचं हे असंच होई.

गेणबांनी उठून आधी दार लावलं. भाड्यानं दिलेल्या खोल्यांतली माणसं बघतील ना! पोराला पोटाशी धरावं हे काही बापाला सुचलं नाही. वाघ आलाय माझा, असं त्यांनी गावभर छाती फुगवून सांगितलं होतं. गौतमीनं डॉक्टरचं नाव काढलं की ते तिच्यावर खेकसत. शूराच्या घरात वेडाची बोलणी नकोत म्हणत. बापच वाघ म्हणत फिरतोय, मग गाव तरी कसं गप्प बसेल? तरुण मंडळानं मिरवणूक ठरवली. जेसीबीतून फुलं उधळायची, फटाक्यांची लांबलचक माळ लावायची. गेणबांनी हौसेनं होकार दिला. या हौसेची मला मनस्वी चीड येते. असल्या हौशी मंडळींनी युद्ध मोबाइलवर पाहिलेलं असतं, तेही गाण्यासकट.

रविवारी जेसीबी दारात घरघरला. किशोर पुन्हा खाटेखाली. गेणबा त्याला दंडाला धरून ओढू लागले, वर्दी घाल, माझी अब्रू घालवू नकोस म्हणू लागले. गौतमीनं सासऱ्याचा हात झिडकारला आणि दार सताड उघडलं.

"आत या," ती मंडळाच्या राजूला म्हणाली. "ह्यांना खाटंखालनं भाईर काढा. निघालं तर लावा तुमची माळ."

राजू आत वाकला.

"राजू, आडवा हो," किशोर कळवळून म्हणाला. "डोकं वर काढू नगंस, मरशील."

माळ न लावताच जेसीबी मागं फिरला.

दुसऱ्या दिवशी गौतमी नवऱ्याला घेऊन पुण्याला निघाली. ड्यूटीवर निघालाय म्हणून सांग, असं गेणबांनी बजावलं होतं. स्टॉपवर मंडळाची पोरं उभी होती, त्यांनी विचारलंच.

"डोक्याच्या डाक्टरकडं," ती सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली. "लढाईनं आजारी पडलेत हे. बरं होत न्हाईत तवर कुणी वाघ म्हणू नका ह्यांना."

एका हातानं नवऱ्याला सावरत तिनं बॅग गाडीत चढवली. फुलं उधळायला निघालेल्यांपैकी एकानंही हात पुढं केला नाही.