काहून आली?

आमच्या शेजारचे खुशालराव म्हणजे एसटी स्टँडवर उभी नोकरी गाड्यांच्या घोषणा करण्यात घालवलेला माणूस. निवृत्तीच्या दिवशी माइक परत केला, आवाज मात्र घरी घेऊन आले. जेवताना ते मीठ मागतात तेव्हा कॉलनीतल्या दोन घरांतून मीठ येतं. मनानं माणूस लोणी. पण लोणी ज्या डेऱ्यात आहे तो डेरा फार वाजतो.

दिवाळीच्या सुट्टीत त्यांची नात अबोली पुण्याहून अमरावतीला आली. वय सात. बेत असा, की मुलगा अद्वैत तिला सोडून कामासाठी अकोल्याला जाईल, रविवारी भेटून एकटाच पुण्याला परतेल आणि अबोली सुट्टीभर आजी-आजोबांकडे राहील. खुशालराव सकाळपासून फाटकात उभे. सोबत म्हणून मीही उभा. ऑटो थांबला, नात उतरली आणि खुशालरावांच्या तोंडून आनंद बाहेर पडला.

"काहून वं पोट्टे! आली काय?"

वऱ्हाडात याचा अर्थ, 'ये माझी राणी, वाट पाहून डोळे थकले.' पुण्यात याचा अर्थ, 'का आलीस?' हा फरक मुलीला कुणी सांगितलेला नव्हता. फाटकात आम्ही सगळेच वऱ्हाडी होतो, एक सोडून.

पुढचे दोन दिवस वाईट गेले. जेवायला बसली की आजोबा म्हणत, "खा ना, पाहून काय राहिली?" तिच्या हातून दूध सांडलं तेव्हा त्यांनी लाडानं विचारलं, "मारू काय एक?" त्यानंतर मुलगी मोबाइल घेऊन आतल्या खोलीत गेली ती जेवणापुरतीच बाहेर येऊ लागली. शुक्रवारी तिनं आजीला सांगून टाकलं, "बाबा आले की मी त्यांच्याबरोबर घरी जाणार."

खुशालराव माझ्या ओसरीवर येऊन बसले. त्या दिवशी त्यांचा आवाज फक्त आमच्याच घरात ऐकू आला, यावरून दुःखाची खोली कळावी.

"भाऊ, पोट्टी माह्याशी बोलतच नाई. त्या अस्वलाशी बोलते."

अस्वल म्हणजे गोधडू. मोबाइलवरच्या कार्टूनमधलं एक गुबगुबीत, पिवळसर अस्वल. प्रत्येक भागाच्या शेवटी ते लाकडाच्या ओंडक्यावर बसतं, पोट खाजवतं आणि प्रेमाबद्दल एखादं वाक्य बोलतं. देशातली लहान मुलं त्याच्यावर जीव टाकतात. आवाज असा, की ऐकणाऱ्याला वाटावं आपल्यावर कुणी पांघरूण घालतंय.

शैलावहिनी, म्हणजे खुशालरावांच्या सौ., व्यवहारी बाई. त्या मागोमाग येऊन म्हणाल्या, "मंग त्या अस्वलाकून शिका ना काही. आजवर मानसाकून तं शिकले नाई."

त्यांच्या मोबाइलवर आम्ही तिघांनी बसून गोधडूचा एक भाग पाहिला. शेवटी गोधडू म्हणाला, "ज्याच्याशी बोलायचं, त्याच्या उंचीचं व्हावं. मग आवाज आपोआप छोटा होतो."

"हे एसटीत असतं तं एकही गाडी सुटली नसती," खुशालराव म्हणाले. पण वाक्य त्यांना लागलं होतं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी मला साक्षीदार म्हणून बोलावलं. मी आणि वहिनी दारामागे. खुशालराव खोलीच्या मधोमध उभे राहिले, घसा खाकरला आणि शुद्ध पुणेरीत म्हणाले, "अबोली बाळा! तू नाराज का आहेस? मला तू फार आवडतेस!"

शब्द अस्वलाचे होते, सूर मात्र 'नागपूरकडे जाणाऱ्या प्रवाशांनी लक्ष द्यावे' हा होता. मुलीनं दचकून मोबाइल छातीशी धरला.

तेव्हा त्यांना उंची आठवली. एक हात पलंगावर, एक हात भिंतीवर, असं करत ते खाली बसले. गुडघ्यांनी वाटेत दोनदा निषेध नोंदवला. अखेर नातीच्या समोर फरशीवर टेकले आणि तिथेच अडकले.

"आता उठा," वहिनी दारातून म्हणाल्या.

"उठता आलं असतं तं इथी बसून कायले राहिलो असतो?"

वहिनींनी ओढलं, मी ढकललं. खुशालराव जागचे हलले नाहीत. अबोलीला हसू फुटलं. तिनं ते लगेच आवरलं, पण ते आम्ही पाहिलं होतं. मग ती हळूच म्हणाली,

"आबा, एक विचारू? गोधडू म्हणतो, मनात ठेवलेला शब्द केळ्यासारखा काळा पडतो. लवकर सोलावा आणि वाटून खावा."

"विचार ना."

"रागावणार नाही ना?"

"मी?" खुशालराव खरोखर चकित झाले. "मी कधी रागावलो?"

वहिनींनी कपाळाला हात लावला.

"मी आले तेव्हा तुम्ही म्हणालात, का आलीस. मी नको होते का तुम्हाला?"

 खुशालराव बोलले तेव्हा आवाज खरंच छोटा झाला होता. पुन्हा दारापाशी सरकलेल्या आम्हाला कान लांब करावे लागले.

"अवं, ते इचारलं नोतं मी."

"मग?"

"काहून म्हंजे... काहूनच. त्याले जवाब नसते द्या लागत."

"उत्तर द्यायचं नाही तर प्रश्न कशाला?"

 आजोबांनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, "आम्ही देवळात गेलो तरी 'काहून मारुतीराया' म्हणतो, बेटा. तो अजून रागावलेला नाही. उत्तरही दिलेलं नाही."

"भाऊ, तुमी थांबा जराक." खुशालराव नातीकडे वळले. "तू ऑटोतून उतरली ना, तवा मले लय बोलाचं होतं. पन छातीत असं दाटून आलं का काही सुचलंच नाई. जे तोंडात होतं ते निंगालं."

अबोलीनं विचार केला. "आणि दूध सांडलं तेव्हा 'मारू काय' म्हणालात ते?"

"मारलं काय?"

"नाही."

"मंग? ज्याले मारा लागते तो इचारत नसते."

हे तिला पटलं. तिनं मोबाइल फरशीवर ठेवला आणि स्वतः त्यांच्या शेजारी सरकली. आजोबांना उठता येत नव्हतं म्हणून शैलावहिनींनी जेवणही तिथेच वाढलं. संध्याकाळी मागच्या गल्लीतले दोन तरुण बोलावून खुशालरावांना उचललं, तोवर आजोबा-नातींनी गोधडूचे सगळे जुने भाग पाहून संपवले होते आणि खुशालराव त्या अस्वलाला मधून मधून सल्लेही देऊ लागले होते.

रविवारी अद्वैत अकोल्याहून आला. मुलगी घरी यायचं म्हणते, हे त्याला फोनवर कळलं होतं. दोघांची तिकिटं काढून, चेहरा समजूतदार करून तो आत शिरला.

"चल राणी, बॅग भरलीस ना?"

अबोली आजोबांच्या पांढऱ्या केसांना रबर लावत होती. मान वर न करता म्हणाली, "मी नाही येऊन राहिली."

अद्वैतनं वडिलांकडे पाहिलं. खुशालराव छताकडे पाहत होते. छतात पाहण्यासारखं काही नव्हतं, तरी ते बराच वेळ पाहत राहिले.

शैलावहिनींनी लेकाच्या हातात संत्र्यांची पिशवी ठेवली.

"तू निंग आता," त्या म्हणाल्या. "तुही गाडी सुटून राहिली."