माळवदावरची नरसीची माती

"जुनी माती उतरवा, मगच नवी चढवा. माळवद म्हणजे घराचं डोकं. एका डोक्यावर एकच पागोटं शोभतं."

जलालुद्दीन मिस्त्रींचा हा आवाज अजून माझ्या कानांत आहे. मित्रांनो, मी हिंगोलीच्या कापूसबाजारामागची भाड्याच्या खोल्यांची माडी. 'होते' असं म्हणायला हवं, पण जीभ वळत नाही.

हरिचंद शेटजींनी १९३३ साली मला बांधून घेतलं. माझ्यात दोन मजल्यांवर कितीतरी बिऱ्हाडं, आणि सगळ्यांना मिळून एक चौक, एक रांजण, एक जिना. काळ्या दगडाचं जोतं, रुंद मातीच्या भिंती, सागवानी खांब. वरच्या कठड्यावर कुणाचं धोतर, कुणाचं लुगडं शेजारीशेजारी वाळे. माथ्यावर माळवद. तुळयांवर फळ्या, फळ्यांवर पळसाची पानं, मग चिखल आणि वर चोपून बसवलेली पांढरी माती. वैशाखातही आत असा गारवा, की रस्त्यानं जाणारा माणूस दारात थांबून उगीच कुणाचा तरी पत्ता विचारी.

ही माती दर पावसाळ्याआधी नवी करायची असते. मिस्त्री होते तोवर जुना थर खरवडला जाई. ते अल्लाघरी गेले, आणि त्यांची विधवा सून खुर्शीदबी वरच्या खोलीत राहिली. तिच्या शेजारी रुख्मिणीबाई. सगळे त्यांना आक्का म्हणत. आक्कांना मूलबाळ नव्हतं. देव होता, आणि चातुर्मासात सूर्य पाहिल्याशिवाय न जेवण्याचं व्रत होतं. एका वर्षी त्यांनी नरसीहून, नामदेवांच्या गावाहून, टोपलीभर पांढरी माती आणली आणि हात जोडून माझ्या माथ्यावर पसरली. त्यांचं पाहून सगळी बिऱ्हाडं नरसीचीच माती मागू लागली. पुढं तर बैलगाडीच ठरली.

दुसऱ्या वर्षी खुर्शीदबी जुना थर काढायला फावडं घेऊन आली, तशा आक्का आडव्या आल्या.

"संताच्या गावची माती हाय ती, बी. खाली टाकली की लोकांच्या पायाखाली जाईल."

"मंग काय करायचं, आक्का?"

"ऱ्हाऊ दे तशीच. वरून नवी टाकू."

खुर्शीदबीला सासऱ्यांचं बोलणं ठाऊक होतं. पण तिनं आक्कांच्या जोडलेल्या हातांकडं पाहिलं आणि फावडं खाली ठेवलं.

मग दर साली थरावर थर चढले. सगळे मायेनंच चढले. मला तर तो मान वाटे.

आषाढात आभाळ भरलं की खुर्शीदबी त्याच माळवदावर जाऊन उभी राही. खाली आक्का उपाशी.

"आक्का, तुमचा सूर्य आज बुरख्यात हाय!"

"तू वर उभी ऱ्हायलीस ना, तुला पाहून लाजून राहिला आसंल!"

चौकात हसू पसरे. मग कधीतरी ढग फाटत. "दिसला, आक्का, दिसला! पळा!" की आक्का जिन्यानं धावत वर. पाठोपाठ सगळी माडी. जणू सूर्य सगळ्यांचाच पाहुणा होता. ती धडधड मला अजून हवीशी वाटते.

१९४८ साली, संक्रांत होऊन गेल्यावर, थरांच्या भारानं माझी मधली तुळई मोडली. कुणाला लागलं नाही, हे देवाचे उपकार. पण मला उतरवायचं ठरलं. बिऱ्हाडं निघाली. आक्कांना एका अरुंद बोळात खोली मिळाली, खुर्शीदबी कयाधू नदीच्या काठी नणंदेकडं निघाली.

जाताना आक्का जिन्यात बसूनच राहिल्या. "माझ्या भक्तीनंच घर पडलं, बी. आता त्या बोळातून आभाळाची चिंधीबी दिसत न्हाई. मागल्या पावसाच्या झडीत उपाशीपोटी चक्कर येऊन पडले, तवा तू हुतीस. औंदा एक तर व्रत मोडंल, न्हाई तर मी."

"कायबी मोडत न्हाई. उघडीप दिसली की मी येईन. हाताला धरून मोकळ्यावर नेईन."

"इतक्या लांबून? अन् दिवस कसे हायेत आजकाल!"

"येईन म्हनले ना."

माझी माती तांड्यावरच्या उत्तमसिंगानं गाड्या भरभरून शेतात नेली. तिथं ती पायाखाली गेली नाही. तिच्यात ज्वारी पेरली गेली. इतकी साधी वाट आधी कुणालाच का सुचली नसेल? मित्रांनो, घराला जीव लावा, पण त्याच्या माथ्यावर काय साठलं आहे तेही बघत जा. जुनं आदरानं उतरवून ठेवणं हीसुद्धा सेवाच असते.

माझे खांब कुठं गेले, ठाऊक नाही. खुर्शीदबीच्या खोलीचं दार मात्र तिनं मागून घेतलं आणि नणंदेच्या घराला बसवलं. तेवढीच मी आता उरले आहे. एकाच दारातून जग पाहते, आणि जिन्यावर पावलं वाजतील म्हणून उगीच कान देऊन बसते.

आता आषाढ चालू आहे, आणि रमजानही. दोन दिवस झड लागली आहे. गावोगाव दंगे आणि पळापळ चालू आहे; एकट्यादुकट्या बाईनं बाहेर पडावं असे हे दिवस नाहीत. आज सकाळी मात्र पूर्वेला ढगांची कड जराशी पांढुरकी झाली. खुर्शीदबी माझ्या फटीतून बराच वेळ तिकडं पाहत राहिली. तिचा रोजा होता. तोंडात पाण्याचा थेंब नव्हता.

तिनं डोक्यावर पदर ओढला. नणंद जागी होऊ नये म्हणून माझी कडी आवाज न करता काढली, आणि चिखल तुडवत ती आक्कांच्या बोळाकडं चालू लागली.